श्रेयनामावलीत नसलेल्या बायका: मूकपटांच्या काळाचा शोध खानदेशात बसून कसा घ्यावा

सिनेमाच्या इतिहासाचा विषय निघाला की मुंबई, नाशिक, कोल्हापूर, पुणे ही गावं घेतली जातात आणि खानदेशाचं नाव कोणी काढत नाही. इथे स्टुडिओ नव्हता, त्यामुळे त्यात काही चूक नाही. पण मूकपटांच्या काळात काम केलेल्या बायकांचा माग काढायचा असेल तर स्टुडिओपाशी जाऊनही हाती फार लागत नाही. आपल्याकडे तेराशेच्या वर मूकपट निघाले आणि पूर्ण-अपूर्ण, तुकडे-ताकडे धरून त्यातले जेमतेम तीसेक उरलेत. नायट्रेटची फिल्म पेट घ्यायची, नाहीतर डब्यातच चिकटून तिची भुकटी व्हायची. जी धड राहिली तीही बरीचशी चांदी काढण्यासाठी विकली गेली.

चित्रं गेली, तरी ती जिथे जिथे दाखवली गेली तिथे त्यांचे कागद पोचले होते: जाहिराती, हँडबिलं, परवाने, वाचकांची पत्रं. मुंबईची गाडी चाळीसगाव, पाचोरा, जळगाव करत भुसावळला यायची. सुरतेकडून ताप्ती व्हॅली रेल्वेची वाट नंदुरबार, दोंडाईचा, अमळनेरवरून होती. खेळ दाखवणारे या दोन वाटांनी आले. म्हणून शोध प्रेक्षकांच्या गावातून सुरू करायचा. स्मार्टफोन, एक जाड वही, वाचनालयाचं सभासदत्व आणि सुटीचे दिवस एवढं भांडवल पुरतं.

आधी 'पहिली' हा शब्द बाजूला ठेवा

या विषयात शिरणारा प्रत्येकजण 'पहिली नायिका कोण, पहिली दिग्दर्शिका कोण' इथून सुरुवात करतो. उत्तरं तयारच आहेत. फाळक्यांच्या १९१३ च्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, मोहिनी झाली. फातमा बेगमनी १९२६ साली स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. ही माहिती कुठेही मिळते, आणि गंमत अशी की ती मिळाली की माणूस तिथेच थांबतो. सन्मानाची पाटी लागते आणि बाई पुन्हा पाटीमागे जाते.

त्यापेक्षा तीन प्रश्न घ्या. तिने नेमकं काम काय केलं? त्याचे पैसे कोणी, कसे दिले? ते काम कोणाच्या नावावर लागलं?

सरस्वतीबाई फाळके यांच्याबाबत हे प्रश्न विचारून बघा. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये त्या पडद्यावर कुठेच नाहीत; तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली. पण कच्च्या फिल्मच्या कडेला भोकं पाडणं, अंधाऱ्या खोलीत रसायनं कालवून फिल्म धुणं, भर उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडणं ही कामं त्यांची. वर सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. भांडवल उभं करताना त्यांचे दागिने गेले. आजच्या हिशेबाने यात लॅब, प्रकाशयोजना, निर्मिती-व्यवस्था आणि गुंतवणूक असे चार विभाग होतात. श्रेयनामावलीत मात्र ते एका शब्दात बसवले जातात: पत्नी.

म्हणून शोधायला बाई निवडताना नटीच हवी असा हट्ट नको. संगीत, कपडे, फिल्म जोडणं, पैसा लावणं, खेळाचा तंबू चालवणं, काहीही चालेल. शिवाय विसरली गेलेली बाई अनोळखीच असते असंही नाही. ललिता पवार घरोघरी माहीत, पण खाष्ट सासू म्हणून. आपल्या शेजारच्या येवल्यात १९१६ साली जन्मलेल्या या बाईने मूकपटांत बालकलाकार म्हणून सुरुवात केली आणि १९३२ च्या 'कैलास' या मूकपटाच्या निर्मितीतही त्या होत्या, हे किती जणांना ठाऊक असेल?

नावांची यादी करा, आणि ती वाढू द्या

बाई निवडली की वहीचं पहिलं पान फक्त तिच्या नावांसाठी राखा. मूकपटांतल्या बाईचं एकच नाव असणं हा अपवाद समजा. ललिता पवार मूळच्या अंबा. टेलिफोन ऑपरेटर रूबी मायर्स पडद्यावर सुलोचना झाल्या. रेनी स्मिथ सीतादेवी झाल्या. बाबूराव पेंटरांच्या १९२० च्या 'सैरंध्री'त काम करायला गुलाबबाई आणि अनसूयाबाई पुढे आल्या आणि पडद्यासाठी कमलादेवी आणि सुशीलादेवी झाल्या. बोलपटात आल्यावर बॉम्बे टॉकीजच्या संगीतकार खुर्शीद होमजी यांना सरस्वतीदेवी हे नाव घ्यावं लागलं, कारण पारशी समाजातून विरोध होता.

नाव बदलण्यामागे कधी कंपनीची हौस, कधी घरच्यांची लाज, कधी जात, कधी धर्म. हे कारणही वहीत लिहा. पुढे ते फार उपयोगी पडतं. मग माहेरचं नाव, सासरचं नाव, पडद्यावरचं नाव, नुसतं 'मिस अमुक' असं छापलेलं नाव, आणि प्रत्येकाची वेगवेगळी लेखनं एकाखाली एक मांडा. झुबेदा, जुबेदा, झुबैदा ही तिन्ही एकच. फातमा, फातिमा, फत्मा हीसुद्धा. संगणकाला हे कळत नाही, तुम्हालाच प्रत्येक रूप वेगळं टाकून शोधावं लागतं.

घरबसल्या जेवढं होतं तेवढं उरका

इंटरनेट आर्काइव्हवर जुनी सिनेमासिकं स्कॅन करून ठेवलेली आहेत. बाबूराव पटेलांच्या १९३५ पासूनच्या 'फिल्मइंडिया'चे बरेच अंक तिथेच सापडतात. १९२७-२८ साली टी. रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली सरकारने सिनेमाची चौकशी केली. त्या समितीचा अहवाल आणि साक्षींचे खंड तर जरूर चाळा. थिएटरवाले, संपादक, सरकारी अधिकारी बायकांच्या सिनेमाला येण्याबद्दल आणि सिनेमात काम करण्याबद्दल काय बोलत होते ते त्यांच्याच तोंडून कळतं. इंडियनसिने.मा या संकेतस्थळावर चित्रपटांच्या नोंदी सालवार आहेत. परदेशातल्या बायकांसाठी कोलंबिया विद्यापीठाचा विमेन फिल्म पायोनिअर्स प्रोजेक्ट आहे. तिथला कोणताही एक लेख पुरावा कसा मांडायचा हे शिकण्यासाठी नमुना म्हणून वाचा. फ्रेंच दिग्दर्शिका अॅलिस गी यांच्यावरचा वाचाच. १८९६ पासून चित्रपट करणाऱ्या या बाईंना म्हातारपणी स्वतःचीच चित्रं शोधत आणि इतिहासकारांच्या चुका दुरुस्त करत फिरावं लागलं.

आणखी एक. जुन्या मराठी अंकांच्या स्कॅनमध्ये शब्दशोध बहुतेक वेळा फसतो. जोडाक्षरं तुटतात, पुसट शाई वाचली जात नाही. 'काही सापडलं नाही' असं उत्तर आलं तर त्याचा अर्थ 'नाही' असा घेऊ नका. चित्रपट प्रदर्शित झाल्याची तारीख धरा, तिच्या महिनाभर आधीचे आणि नंतरचे अंक पान पान बघा. खानदेशासाठी हा काळ आणखी लांबवा. मुंबईत दमलेली प्रिंट मग बाहेरगावी निघायची, त्यामुळे आपल्याकडची जाहिरात बरीच उशिरा येऊ शकते.

वाचनालयात: लेख नंतर, जाहिरात आधी

धुळ्याला राजवाडे संशोधन मंडळ आणि गरुड वाचनालय, जळगावला व. वा. जिल्हा वाचनालय, अमळनेरला साने गुरुजींच्या नावाचं ग्रंथालय ही ठिकाणं तर आहेतच. पण तालुक्याच्या गावची शंभरी गाठलेली लहान वाचनालयं सोडू नका. गेल्या गेल्या 'सिनेमावर काय आहे?' विचारलंत तर चित्रपट-संगीताची चार पुस्तकं पुढ्यात येतील. ग्रंथपालांना विचारायचं ते असं: "१९३५ च्या आधीचे मासिकांचे बांधीव खंड कुठे असतात? आणि न बांधलेले सुटे अंक टाकलेत की आहेत?"

सुट्या अंकांचं महत्त्व बांधीव खंड उघडला की कळतं. बायंडर अंक शिवायला घ्यायचा तेव्हा मुखपृष्ठ, मलपृष्ठ आणि जाहिरातींची रंगीत पानं आधी फाडून टाकायचा. लेख तेवढे राखायचा. खंड जाड होऊ नये म्हणून. आपल्याला हवी असलेली बाई नेमकी त्या फाडलेल्या पानावर असते: 'मिस अमुकचा अपूर्व अभिनय, आज रात्रौ दोन खेळ, स्त्रियांसाठी स्वतंत्र सोय'. म्हणून कपाटाच्या वरच्या फळीवर सुतळीने बांधलेला, धुळीने काळा पडलेला गठ्ठा दिसला तर तो खाली उतरवायची परवानगी मागा. सुतळी ओढू नका, गाठ सोडा. काचत गेलेल्या कडा ओढल्या की पापडासारख्या तुटतात. थुंकी लावून पान उलटायची सवय इथे बंद. कसर लागलेला अंक असेल तर पान दोन्ही तळव्यांवर घेऊन वळवायचं. फ्लॅश नको. खिडकीच्या उजेडात, फोन पानाला समांतर धरून फोटो काढायचा: पहिला फोटो अंकाच्या मुखपृष्ठाचा, दुसरा अख्ख्या पानाचा, तिसरा मजकुराचा. नुसतं कात्रण टिपून घरी गेलात तर महिन्याभराने ते कुठल्या अंकातलं हे देवालाही सांगता येणार नाही.

'किर्लोस्कर' १९२० पासूनचा, 'स्त्री' १९३० पासूनचा. 'स्त्री'मधली वाचकांची पत्रं मला लेखांपेक्षा मोलाची वाटतात. कुलीन बायकांनी सिनेमात जावं की नाही यावर लिहिणारी गृहिणी अनवधानाने बरंच सांगून जाते: गावात खेळ कुठे लागतो, कोणाबरोबर बघायला जायचं, कोणत्या नटीबद्दल घरात बोलायची चोरी आहे.

आत्मचरित्रं याच टप्प्यावर वाचा. दुर्गा खोटे, हंसा वाडकर, लीला चिटणीस तिघींचीही मराठीत आहेत. त्या थोड्या नंतरच्या, पण त्यांच्या मजकुरात आधीच्या पिढीतल्या बायका येता-जाता भेटतात. शांता आपटे यांचं 'जाऊ मी सिनेमात?' हे १९४० चं छोटं पुस्तक तर शोधून काढाच. आदल्याच वर्षी प्रभात फिल्म कंपनीच्या फाटकावर उपोषणाला बसलेल्या नटीने लिहिलेलं आहे; करार, पगार, कामाचे तास हे शब्द चित्रपटाच्या इतिहासात कुठून आले ते त्यात दिसतं.

सरकारी दप्तर

इथे संयम हवा आणि फळाची खात्री नाही, त्यामुळे थोडक्यात सांगतो. १९१८ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानंतर खेळाला जिल्ह्याच्या अधिकाऱ्याचा परवाना लागायला लागला, १९२३ पासून मुंबई इलाख्यात करमणूक कर आला. म्हणजे नावं, तारखा, आकडे लिहिले गेले. अर्ज करताना आजच्या जिल्ह्यांची नावं चालत नाहीत. १९०६ साली खानदेशाचे दोन जिल्हे झाले: जळगावकडचा पूर्व खानदेश, धुळ्याकडचा पश्चिम खानदेश. नंदुरबार जिल्हा १९९८ चा, त्यामुळे त्याचं जुनं दप्तर धुळ्याच्या नावाने मागायचं. परवाना पुरुषाच्या नावावर असला तरी तंबूच्या मालकीत विधवेचं, आईचं नाव येतं का ते बघा. मिळालं तर ती बाई खेळ दाखवण्याच्या धंद्यात होती, आणि तिच्याबद्दल अजून कोणी ओळभरही लिहिलेलं नाही.

माणसांकडे जाताना

मूकपट स्वतः पाहिलेलं माणूस आता भेटणार नाही. पण आईने-आजीने सांगितलेलं ऐकलेली ऐंशी-नव्वदीची माणसं आहेत, आणि सारंगखेड्यासारख्या यात्रांतल्या तंबू टॉकीजची याद त्यांना पक्की असते. तमाशाच्या फडांत, नाटक कंपन्यांत असलेल्या घरांकडेही जा, पण तिथे आणखी जपून.

"सिनेमातल्या स्त्रियांच्या योगदानाबद्दल काय सांगाल?" असं विचारलंत तर म्हातारी तुम्हाला सरकारी माणूस समजेल आणि "आम्हाले काय ठावं, दादा" म्हणून मोकळी होईल. अहिराणीत, बसायच्या जागेपासून सुरुवात करा. एका आजींशी झालेलं बोलणं नमुन्यादाखल देतो.

"माय, तंबूमा बायास्ले बसाले येगळी जागा व्हती का?"

"व्हती ना. मधमा कनात बांधेत. आम्ही इकडे, गडी तिकडे."

"तिकीट कोन दे?"

"एक बाईच दे. कपायवर ठसठशीत कुंकू. मालकनी व्हती म्हनतस."

कनातीपासून निघालेलं बोलणं दोन प्रश्नांत तंबूच्या मालकिणीपर्यंत पोचलं. ही मूकपटांच्या बऱ्याच नंतरची आठवण होती, पण अशाच आठवणीतून परवान्याच्या फाईलमध्ये काय शोधायचं ते कळतं. पुढे नाव विचारा, गाव विचारा, ती कोणाची कोण ते विचारा, आणि त्याच दिवशी सगळं उतरवून काढा. बोली जशीच्या तशी लिहा, तिचं प्रमाण मराठी करत बसू नका. बहिणाबाईंची गाणी सोपानदेवांनी बोलीतच उतरून घेतली म्हणून १९५२ साली छापता आली, हे आपल्याकडे वेगळं सांगायला नको.

रेकॉर्डिंग सुरू करण्याआधी विचारायचं, आणि संपल्यावर पुन्हा विचारायचं: "यातलं काय छापू, काय नको?" सिनेमात काम केलेली आजी कुटुंबाने तीन पिढ्या लपवलेली असू शकते. पी. के. रोझींची गोष्ट अशावेळी आठवावी. पहिल्या मल्याळी मूकपटाची ही नायिका दलित होती. तिने सवर्ण स्त्रीची भूमिका केली म्हणून लोकांनी दंगा केला, तिला गाव सोडावं लागलं आणि उरलेलं आयुष्य तिने दुसऱ्या राज्यात, सिनेमाचं नाव न काढता घालवलं. तिच्यासारख्या बाईला उजेडात आणताना तिच्या नातवंडांना त्याच जाचात ढकलायचं नसतं. घरच्यांनी 'नको' म्हटलं तर नाव गाळा, काम लिहा.

पुरावा पाखडणं

वहीत तीन रकाने आखा: कागद, ऐकीव, तर्क. प्रत्येक ओळ यांतल्या एकाच रकान्यात जाईल, मध्ये लटकणार नाही. फातमा बेगम यांचंच घ्या. १९२६ चा चित्रपट आणि कंपनी कागदात. सुरतेजवळच्या सचिन संस्थानच्या नवाबाशी त्यांचं नातं होतं आणि झुबेदा, सुलताना, शहजादी या मुली त्याच्या, ही गोष्ट शेकडो ठिकाणी छापलेली आहे, तरी लग्नाचा वा कराराचा कागद पुढे आलेला नाही. तेव्हा ती ऐकीवमध्ये. शंभर लेखांनी एकमेकांचं उतरवलं तर ते शंभर पुरावे होत नाहीत, एकच राहतो. छापलेली तारीखसुद्धा तपासा. 'राजा हरिश्चंद्र' म्हणून आज जी रिळं दाखवतात ती १९१३ ची नसून १९१७ साली पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची असावीत, असं जाणकारांचं मत आहे. एवढ्या प्रसिद्ध चित्रपटाची ही कथा, तर बाकीच्यांचं काय.

ऐकीव म्हणजे खोटं असंही समजू नका. कमलाबाई गोखले दीर्घायुषी होत्या, आणि रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपट केला म्हणून त्या काळच्या कामाचं वर्णन त्यांच्या तोंडून नोंदलं गेलं. ते जमलं नसतं तर त्यांच्या वाट्याला कागदावर दोन भूमिकांची नावं आली असती.

पुण्याची एक फेरी

एवढं झाल्यावरच पुण्याला विधी महाविद्यालय रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जा. १९६४ साली सुरू झालेलं आणि पी. के. नायर यांनी उभं केलेलं हे भांडार आहे: चित्रपट, पोस्टरं, स्थिरचित्रं, खेळासोबत विकल्या जाणाऱ्या कथासाराच्या आणि गाण्यांच्या पुस्तिका. आधी ईमेल करा, हवी असलेली नावं आणि सालं कळवा, ओळखपत्र न्या. पुस्तिकेचं शेवटचं पान आधी उघडा. वेशभूषा, नृत्य, छपाई, आभार अशी बारीक टाइपातली नावं तिथे असतात. आभारात आलेली 'सौ.' ही बरेचदा बिनपगारी विभागप्रमुख असते.

लिहिणं आणि परत गावात नेणं

कायदा माहीत असू द्या. चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षांनी संपतो, लेखनाचा लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी. म्हणजे मूकपट सगळे मुक्त. शांता आपटे १९६४ साली वारल्या, त्यामुळे २०२५ पासून त्यांचं लेखनही मुक्त आहे. मराठी विकिस्रोतावर ते टंकून ठेवणं हे एखाद्या महाविद्यालयाच्या मराठी विभागाला सहज झेपणारं काम आहे. विकिपीडियावर मात्र स्वतःचं संशोधन चालत नाही. आधी ते दैनिकाच्या पुरवणीत किंवा मासिकात छापून आणा, मग त्याचा आधार देऊन तिथे लिहा. लेखात कुठल्या वाचनालयाच्या कुठल्या खंडातून काय मिळालं ते स्पष्ट लिहा. त्याचा एक फायदा असा की वाचनालयाच्या कार्यकारिणीला पुढच्या वेळी ते खंड रद्दीत घालायचा धीर होत नाही.

मग खेळ लावा. 'कालिया मर्दन' १९१९ चा, बराचसा टिकलेला, आणि त्यात कृष्ण झाली आहे फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. वाचनालयाच्या सभागृहात एक प्रोजेक्टर आणि पेटी वाजवणारं कोणी असलं की भागतं. सुरुवातीला भाषण पाच मिनिटांचं, तेही सरस्वतीबाईंच्या भोकं पाडण्याच्या कामावर, आणि पोरांच्या हातात प्रत्यक्ष फिल्मचा एक तुकडा द्या. दाराशी टेबल, स्कॅनर आणि नोंदवही ठेवा. आमंत्रणातच लिहा: घरात जुनं हँडबिल, पुस्तिका, फोटो असेल तर आणा, इथेच प्रत काढून पाच मिनिटांत परत देऊ. मूळ कागद कोणी हौसेने दिला तरी ठेवून घेऊ नका. प्रत काढा, मागे पेन्सिलीने काही लिहिलंय का ते बघा, नोंदवहीत मालकाची सही घ्या आणि कागद त्याच पिशवीत परत घाला.